रेल्वे-मेट्रोसाठी जमीन जाते आहे: कोर्टात काय टिकतं, काय टिकत नाही

रूळ, मेट्रो, स्थानक किंवा कारशेडसाठी सरकार जमीन घेतं तेव्हा मालक, वारस, कुळं आणि भाडेकरू जे प्रश्न विचारतात त्यांची ही उत्तरं आहेत. एक गोष्ट आधीच सांगून ठेवतो. कोर्टाने मार्गच रद्द केला आणि जमीन परत मिळाली, असं वाहतूक प्रकल्पांत फार क्वचित घडतं. भरपाई वाढवून मिळणं मात्र नेहमीचं आहे. ही माहिती सर्वसाधारण आहे. निवाडा, म्हणजे भरपाईची रक्कम ठरवणारा आदेश, हातात पडला असेल तर वाचत बसू नका, तो घेऊन वकिलाकडे जा.

माझी इच्छा नसताना सरकार जमीन घेऊ शकतं का?

घेऊ शकतं. मालमत्तेचा हक्क एकेकाळी मूलभूत हक्क होता. ४४ व्या घटनादुरुस्तीनंतर १९७९ पासून तो मूलभूत राहिला नाही, पण घटनेतून गेलाही नाही. कलम ३०० अ म्हणतं की कायद्याचा आधार असल्याशिवाय कोणाचीही मालमत्ता काढून घेता येणार नाही.

हे कलम वाटतं तितकं पोकळ नाही. पुण्यातल्या हरिकृष्ण मंदिर ट्रस्टच्या खासगी रस्त्यावर नगररचना योजनेत महापालिकेचं नाव लागलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये याच कलमाच्या आधारे ट्रस्टच्या बाजूने निकाल दिला. मे २०२४ मध्ये कोलकाता महापालिकेच्या प्रकरणात न्यायालयाने या कलमात दडलेले सात हक्क एकेक करून मांडले: नोटीस, म्हणणं ऐकून घेणं, कारणांसह निर्णय, खरंच सार्वजनिक कारण, योग्य भरपाई, वेळेत आणि नीट चाललेली प्रक्रिया, आणि ती प्रक्रिया एकदाची पूर्ण होणं. तुमची तक्रार यातल्या नेमक्या कोणत्या हक्काची आहे हे सांगता आलं, तर याचिकेला पाय फुटतात. नुसतं ‘आमच्यावर अन्याय झाला’ म्हणून कोर्टात कोणी ऐकत नाही.

माझी जमीन कोणत्या कायद्याखाली जाते आहे, हे कसं ओळखायचं?

नोटिशीत कलम कोणतं लिहिलंय ते बघा. बाकी सगळं त्यावर ठरतं.

कलम ११ किंवा १९ असेल तर २०१३ चा भूसंपादन कायदा. तो १ जानेवारी २०१४ पासून लागू आहे आणि त्याने १८९४ चा इंग्रजांच्या काळातला कायदा मोडीत काढला. कलम २० अ, २० ई असं काही असेल तर १९८९ चा रेल्वे कायदा. ‘विशेष रेल्वे प्रकल्प’ म्हणून जाहीर झालेल्या मार्गांसाठी त्यात २००८ साली वेगळं प्रकरण घातलं गेलं. कलम १२६ दिसलं तर महाराष्ट्राचा प्रादेशिक नियोजन व नगररचना कायदा, १९६६. म्हणजे जागा विकास आराखड्यात स्थानक, डेपो किंवा रस्ता म्हणून आधीच आरक्षित आहे. मेट्रोसाठी १९७८ चा स्वतंत्र कायदाही आहे.

इथे लोक हमखास फसतात. ‘रेल्वेचं काम म्हणजे रेल्वे कायदा’ असा हिशोब चालत नाही. मुंबई-अहमदाबाद बुलेट ट्रेन ही रेल्वेच, पण तिच्यासाठी जमीन घेतली गेली ती २०१३ च्या कायद्याने, राज्यांच्या महसूल यंत्रणेमार्फत.

रेल्वे आणि मेट्रोचे कायदे २०१३ च्या कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत आहेत, म्हणजे त्या कायद्याची प्रक्रिया त्यांना लागू नाही. भरपाईचा आणि पुनर्वसनाचा हिशोब मात्र २०१५ पासून लागू केलेला आहे. म्हणजे हरकतीच्या मुदती वेगळ्या, पैशाचं सूत्र तेच.

नोटीस आली. पहिलं काम काय?

लेखी हरकत. २०१३ च्या कायद्यात प्राथमिक अधिसूचनेपासून ६० दिवस मिळतात, रेल्वे कायद्यात फक्त ३०. सगळ्या भांडणात हीच पायरी सर्वात मोलाची आहे आणि लोक नेमकी हीच वाया घालवतात. गावात मोर्चा निघतो, संयुक्त मोजणी अडवली जाते, तहसीलदारांना निवेदन दिलं जातं, फोटो निघतात. आणि कायद्याने मागितलेला तो एक कागद, ज्याला हरकत म्हणतात, भूसंपादन अधिकाऱ्याच्या आवकेत पडतच नाही. पुढे हायकोर्टात पहिला प्रश्न येतो: तुम्ही हरकत कधी घेतली?

हरकतीत भावना कमी आणि तपशील जास्त हवा. गट नंबर आणि हिस्सा, बाधित क्षेत्र मोजणीत बरोबर आलंय का, विहीर, पाइपलाइन, झाडं, गोठा, बांधकाम नोंदलंय का, उरलेल्या तुकड्याला वाट राहते का, पाणी पलीकडे नेता येईल का. सुनावणी मागा, ती लेखी मागा, आणि पोच घेतल्याशिवाय कार्यालयातून हलू नका. जुन्या कायद्यातल्या याच हक्काला सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये जवळजवळ मूलभूत हक्काच्या पंगतीला बसवलं होतं. सुनावणीच झाली नाही किंवा हरकतींवर डोळे मिटून शिक्का मारला गेला, हा मुद्दा आजही कोर्टात वजनदार ठरतो.

मार्ग शेजारच्या पडीक माळावरून नेता आला असता. हे कोर्टाला पटेल?

बहुधा नाही. मार्ग कुठून न्यायचा हा तज्ज्ञांचा प्रश्न आहे, असं म्हणून न्यायालयं हात काढून घेतात. एखाद्या बड्या माणसाची जमीन वाचवण्यासाठी मुद्दाम वळण घेतलं, असा कागदोपत्री पुरावा असेल तर गोष्ट वेगळी. ‘सगळ्या गावाला माहीत आहे’ हा पुरावा नव्हे.

हा मुद्दा मांडायचाच असेल तर तो हरकतीच्या सुनावणीत मांडा. कागदावर असलेला मार्ग थोडा सरकू शकतो. खांब उभे राहिल्यावर सरकत नाही.

विक्रोळीला एवढी मोठी कंपनी लढली, तरी हरली. मग आमचं काय?

त्या प्रकरणातून शिकण्यासारखं बरंच आहे. बुलेट ट्रेनचा मार्ग ५०८ किलोमीटरचा. वांद्रे-कुर्ला संकुलापासून शिळफाट्यापर्यंतचा २१ किलोमीटरचा बोगदा त्यातला. या बोगद्यासाठी विक्रोळीतली गोदरेज अँड बॉइसची सुमारे दहा एकर जमीन हवी होती. सप्टेंबर २०२२ मध्ये २६४ कोटी रुपयांचा निवाडा झाला. कंपनीचा आक्षेप असा की निवाड्याची मुदत कधीच उलटून गेली होती, राज्याने दिलेल्या मुदतवाढी बेकायदा होत्या, आणि सुरुवातीला ५७२ कोटींचा आकडा बोलला गेला असताना रक्कम निम्म्याहून खाली आली.

मुदतीचा मुद्दा तसा भक्कम होता. २०१३ च्या कायद्याच्या कलम २५ प्रमाणे कलम १९ च्या घोषणेपासून बारा महिन्यांत निवाडा झाला पाहिजे, नाहीतर संपादन रद्द होतं. पण त्याच कलमाच्या परंतुकात सरकारला मुदतवाढ देण्याची सोय आहे, आणि मुंबई उच्च न्यायालयाने ती वाढ वैध ठरवली. फेब्रुवारी २०२३ मध्ये याचिका फेटाळताना न्यायालयाने प्रकल्पाचं राष्ट्रीय महत्त्व आणि सामूहिक हित खासगी हिताच्या वर ठेवलं. त्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयानेही हस्तक्षेपाला नकार दिला; ताबा घेऊन काम सुरू झालं होतं. वाढीव भरपाईची वाट मात्र खुली राहिली.

माझ्या मते खरा धडा वकिलांच्या फीचा नाही, वेळेचा आहे. एकदा यंत्रं जागेवर आली की कोर्ट घड्याळ उलटं फिरवत नाही. गुजरातमध्येही हेच दिसलं. शंभराहून अधिक शेतकऱ्यांच्या याचिका तिथल्या उच्च न्यायालयाने सप्टेंबर २०१९ मध्ये फेटाळल्या, पण जास्त मोबदला मागण्याचा त्यांचा हक्क शाबूत ठेवला.

सामाजिक परिणामांचा अभ्यास न करताच जमीन घेतली. हे बेकायदा नाही का?

२०१३ च्या मूळ कायद्याप्रमाणे हा अभ्यास सक्तीचा आहे. महाराष्ट्राने २०१८ साली दुरुस्ती करून कलम १० अ घातलं आणि पायाभूत सुविधांसारख्या काही प्रकल्पांना जनहिताच्या नावाखाली यातून सूट देण्याची सोय करून घेतली. गुजरातने हे २०१६ मध्येच केलं होतं, आणि वर सांगितलेल्या २०१९ च्या निकालात ती दुरुस्ती टिकली. तेव्हा ‘अभ्यास झाला नाही’ एवढ्या एका मुद्द्यावर महाराष्ट्रात याचिका उभी राहणं अवघड आहे. सूट देणारी अधिसूचना तुमच्या प्रकल्पासाठी खरोखर निघाली का, वेळेत निघाली का, हे मात्र तपासा.

दुरुस्तीबद्दल माझं मत विचाराल तर ती वाईट आहे. कोणाकोणाचं पोट त्या जमिनीवर आहे हे मोजणारा तो एकच टप्पा होता. पण माझ्या मतावर कोर्ट चालत नाही.

आमचं गाव पालघरच्या अनुसूचित क्षेत्रात आहे. ग्रामसभेने ‘नाही’ म्हटलं तर?

२०१३ च्या कायद्याचं कलम ४१ सांगतं की अनुसूचित क्षेत्रात शक्यतो संपादन करूच नये, आणि केलंच तर ग्रामसभेची आगाऊ संमती घ्यावी. इतर ठिकाणांपेक्षा इथल्या गावकऱ्यांच्या हातात हे खूपच मोठं हत्यार आहे. मात्र दोन गोष्टी आधी बघाव्या लागतात. संपादन चौथ्या अनुसूचीतल्या कायद्याखाली आहे का; आणि राज्यपालांनी घटनेच्या पाचव्या अनुसूचीच्या अधिकारात काही प्रकारच्या प्रकल्पांना वेगळी तरतूद लावली आहे का. ठराव करायचाच तर इतिवृत्त, हजेरी, गणसंख्या सगळं चोख ठेवा. वनहक्काचे दावे प्रलंबित असतील तर तेही त्याच ठरावात नोंदवा. २००६ चा वनहक्क कायदा हे स्वतंत्र संरक्षण आहे.

तालुक्याच्या दिवाणी कोर्टातून मनाईहुकूम आणला तर काम थांबेल का?

नाही. २०१३ च्या कायद्याचं कलम ६३ दिवाणी न्यायालयाचं दार बंद करतं. उच्च आणि सर्वोच्च न्यायालय तेवढं उघडं आहे. त्यावर २०१८ मध्ये विनिर्दिष्ट अनुतोष कायद्यात दुरुस्ती झाली. पायाभूत प्रकल्पाला अडथळा किंवा उशीर होईल असा मनाईहुकूम आता देता येत नाही, आणि रेल्वेमार्ग, बोगदे, शहरी सार्वजनिक वाहतूक हे सगळं त्या यादीत आहे. तालुक्याला दावा ठोकून ‘स्टे आणतो’ म्हणणारा कोणी भेटला तर फी देण्याआधी त्याला हे दोन संदर्भ विचारा.

‘चौपट’, ‘पाचपट’ म्हणतात ते नेमकं काय?

आधी बाजारमूल्य ठरतं. रेडी रेकनरचा दर, किंवा आसपासच्या तशाच जमिनींच्या मागच्या तीन वर्षांतल्या खरेदीखतांपैकी वरच्या किमतीच्या निम्म्या खतांची सरासरी, यांपैकी जे जास्त ते. (खासगी कंपनीसाठी किंवा भागीदारीतल्या प्रकल्पासाठी संमतीने ठरलेली रक्कम हा तिसरा पर्याय असतो.) ग्रामीण भागात त्याला १ ते २ च्या दरम्यानच्या गुणकाने गुणतात, शहरात गुणक १. त्यात झाडं, विहीर, बांधकाम यांची किंमत मिळवतात. आलेल्या रकमेवर तेवढीच आणखी दिलासा रक्कम, म्हणजे शंभर टक्के. गुणक २ असेल तर जमिनीची किंमत चौपट होते. शिवाय बाजारमूल्यावर अधिसूचनेपासून निवाडा किंवा ताबा यांपैकी जे आधी घडेल त्या दिवसापर्यंत वर्षाला १२ टक्के.

पाचवा पट येतो तो थेट खरेदीतून. संमतीने खरेदीखत करून दिलं तर महाराष्ट्रात एकूण मोबदल्यावर २५ टक्के जादा देतात.

गुणाकार सगळ्यांना तोंडपाठ असतो. भांडण असतं ते ज्या आकड्याला गुणायचं त्याचं. रस्त्यालगतच्या, बिनशेती होऊ घातलेल्या जमिनीला आतल्या कोरडवाहूचा दर लावला की चौपट करूनही हाती फार येत नाही. दुय्यम निबंधकाकडून आसपासच्या खरेदीखतांच्या नकला काढा. बागायत असेल तर पीकपाहणी, वीजबिलं, पाणीपट्टी जमवा. वाढीव भरपाईचे खटले याच चोपड्यांवर जिंकले जातात.

मग थेट खरेदी करून मोकळं व्हावं का?

दर योग्य वाटत असेल तर हो. पण खरेदीखतावर सही झाली की वाढीव भरपाईसाठी अर्ज करण्याचा रस्ता साधारणपणे संपतो, कारण तुम्ही स्वतः किंमत मान्य केलेली असते. २५ टक्के आज हातात, की निवाडा घेऊन काही वर्षांचं भांडण, हा हिशोब प्रत्येक घराचा वेगळा. सही करण्याआधी झाडं, विहिरी, बांधकाम आणि उरलेल्या तुकड्याची वाट हे सगळं खतात आलंय का, एवढं नक्की वाचा.

निवाड्याची रक्कम उचलली तर हक्क जातो का?

‘निषेध नोंदवून स्वीकारली’ असं लेखी दिलं असेल तर जात नाही. काही न लिहिता उचलली तर जातो; २०१३ च्या कायद्याचं कलम ७७ तसं स्पष्ट म्हणतं. अर्ज आधीच तयार ठेवा, पोच घ्या, प्रत फायलीत लावा.

त्यानंतर कलम ६४ खाली जिल्हाधिकाऱ्याकडे अर्ज करायचा, तो पुढे भरपाईचे वाद ऐकणाऱ्या भूसंपादन प्राधिकरणाकडे जातो. निवाड्याच्या वेळी तुम्ही हजर असाल तर मुदत सहा आठवडे. नसाल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांपैकी जी आधी संपेल ती. प्राधिकरणाच्या निकालावर उच्च न्यायालयात ६० दिवसांत अपील करता येतं.

शेजाऱ्याने भांडून दर वाढवून घेतला आणि तुम्ही गप्प राहिलात? तुमची जमीन त्याच अधिसूचनेत असेल तर कलम ७३ प्रमाणे त्या निकालापासून तीन महिन्यांत तुम्हीही तोच दर मागू शकता.

रेल्वे कायद्याखाली मात्र प्राधिकरण नाही. केंद्र सरकारने नेमलेला लवाद रक्कम ठरवतो. त्याचा निर्णय कोर्टात गेला तरी आकडा बदलून मिळणं कठीण. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये असा बदल करता येत नाही असं म्हटलं, आणि एप्रिल २०२५ मध्ये घटनापीठाने मर्यादित बाबतींत मुभा दिली. म्हणून सगळा पुरावा लवादासमोरच ठेवायचा, ‘पुढे बघू’ चालत नाही.

अधिसूचना निघून वर्षं लोटली, निवाडाच नाही. भाव कोणत्या सालचा मिळणार?

नियम म्हणून प्राथमिक अधिसूचनेच्या दिवसाचा. सरकारने स्वतःच वेळ काढला असेल तर तो नियम ताणता येतो. बेंगळुरू-म्हैसूर कॉरिडॉरसाठी २००३ मध्ये अधिसूचना निघाली आणि अनेकांच्या हाती भरपाईचा रुपया पडायला दीड दशकाहून अधिक काळ गेला. जानेवारी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विशेष अधिकार वापरून बाजारभाव एप्रिल २०१९ चा धरायला सांगितलं.

सातबारावर अजून आजोबांचं नाव आहे, भावकीत वाद आहे, एक काका परदेशात.

नोटीस अभिलेखातल्या नावाने निघते. वारस नोंद आणि फेरफार आत्ताच करून घ्या. परदेशातल्या वारसाकडून रीतसर कुलमुखत्यारपत्र मागवा. वाटणीचा वाद मिटला नाही तर रक्कम प्राधिकरणाकडे जमा होते आणि कोणाला किती हे तिथे ठरतं. जमीन मात्र थांबत नाही. भाऊ भाऊ भांडत राहतात आणि रूळ पडतात, हे चित्र कोकणापासून विदर्भापर्यंत सारखंच आहे.

मी मालक नाही. कूळ आहे, भाडेकरू आहे, रुळालगत झोपडं आहे.

२०१३ च्या कायद्यात ‘बाधित कुटुंब’ म्हणजे फक्त मालक नव्हे. तीन वर्षं त्या जमिनीवर उपजीविका असलेले कूळ, शेतमजूर, कारागीर यांनाही पुनर्वसनाचे लाभ आहेत. नोकरी किंवा पाच लाख रुपये हा त्यातला एक.

मुंबईत गोष्ट वेगळ्या वाटेने गेली. मुंबई नागरी वाहतूक प्रकल्पात रुळालगतच्या आणि रस्त्यालगतच्या हजारो कुटुंबांना मालकी नसतानाही २२५ चौरस फुटांची घरं दिली गेली. सांताक्रूझ-चेंबूर जोडरस्ता आणि जोगेश्वरी-विक्रोळी जोडरस्त्यावरच्या दुकानदारांनी आणि रहिवाशांनी २००४ मध्ये जागतिक बँकेच्या तपासणी पॅनेलकडे तक्रार केली. मार्च २००६ मध्ये बँकेने रस्ते आणि पुनर्वसनाच्या भागाचा निधी काही महिने रोखला. जे एखाद्या याचिकेला जमलं नसतं, ते कर्ज देणाऱ्याकडे केलेल्या तक्रारीने जमलं. प्रकल्पाला परदेशी कर्ज असेल तर ही वाट विसरू नका. बुलेट ट्रेनला पैसा देणाऱ्या जपानच्या जायका या सरकारी संस्थेकडेही तक्रारीची स्वतंत्र व्यवस्था आहे.

पागडीच्या घरात असाल तर लक्ष फक्त पैशावर ठेवू नका. मेट्रो ३ साठी काळबादेवी-गिरगावातल्या इमारती गेल्या तेव्हा ‘याच परिसरात घर’ हीच मुख्य मागणी होती, आणि पुनर्विकासाची आखणी तिच्यावरच झाली.

ताबा घ्यायला पोलीस घेऊन आले तर?

पैसे पूर्ण दिले आहेत का ते विचारा. २०१३ च्या कायद्याच्या कलम ३८ प्रमाणे भरपाई आधी, ताबा नंतर. पैसे दिलेले किंवा प्राधिकरणाकडे जमा असतील तर ताबा कायदेशीर आहे, अंगावर जाऊन गुन्हा ओढवून घेऊ नका. पंचनाम्यात काय लिहिलंय ते वाचा, उभं पीक आणि झाडं त्यात नोंदवून घ्या, मोबाइलवर चित्रण करा. कोऱ्या ताबा पावतीवर सही करू नका.

आमची जमीन १८९४ च्या कायद्याखाली गेली होती, पैसे कधीच मिळाले नाहीत. संपादन रद्द होईल का?

२०१४ मध्ये पुणे महापालिकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने अशा मालकांना मोठा दिलासा दिला होता आणि देशभर याचिकांची रांग लागली. मार्च २०२० मध्ये इंदूर विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या पीठाने तो निकाल मोडला. २०१३ चा कायदा येण्याच्या पाच वर्षं किंवा त्याहून आधी निवाडा झाला असेल, आणि ताबाही घेतला नसेल व भरपाईही दिली नसेल, तरच संपादन संपतं. एक गोष्ट झाली असेल तर नाही. रूळ पडलेल्या जमिनीचा ताबा घेतलेलाच असतो. तिथे मागायचे ते पैसे आणि व्याज.

आरक्षण पडून वीस वर्षं झाली, ना स्थानक आलं ना डेपो. जमीन सुटेल?

विकास आराखड्यातलं आरक्षण असेल तर इथे मालकाची बाजू खरोखर बळकट आहे. अंतिम आराखड्यापासून दहा वर्षं उलटली की नगररचना कायद्याच्या कलम १२७ ची नोटीस द्यायची. २४ महिन्यांत संपादनाची कायदेशीर पावलं पडली नाहीत तर आरक्षण संपतं. फेब्रुवारी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात ३३ वर्षं अडकलेली जागा अशीच मोकळी केली. नोटिशीसोबत मालकीची कागदपत्रं जोडा; ती नसली की तेवढ्यावर पालिका नोटीस परत पाठवते.

जमीन प्रत्यक्ष संपादित होऊन पाच वर्षं पडून असेल तर २०१३ च्या कायद्याचं कलम १०१ लागतं, पण ते कलम मालकाला परत देणं किंवा सरकारच्या भूमी बँकेत टाकणं असे दोन पर्याय देतं. सरकार कोणता निवडेल हे सांगायला वकील लागत नाही.